‘दीगर हकदारान’ : एकत्रीकरणातील सामायिक जमीन आणि तिचा धनी

पंजाब आणि हरियाणा या राज्यांतील गावोगावच्या हक्कनोंदीत मालकीच्या रकान्यात एक लांबलचक फारसी शब्दावली आढळते : ‘जुमला मालकान व दीगर हकदारान अराजी हसब रसद रकबा’. सर्व मालक व इतर हक्कदार, ज्याच्या त्याच्या जमिनीच्या प्रमाणात, असा तिचा अर्थ. जमीन एकत्रीकरणाच्या वेळी गावाच्या सामायिक उपयोगासाठी जी जमीन बाजूला काढली गेली, तिच्या नावापुढे ही नोंद आहे. आम्ही कायद्याचे पदवीधर नाही, पालीचे विद्यार्थी आहोत. परंतु शब्द फोडून पाहण्याची सवय अंगी असल्यामुळे या नोंदीतील ‘दीगर हकदारान’ या शब्दांपाशी आम्ही थबकलो. हे इतर हक्कदार कोण? गावाच्या कडेला राहणारा, दुसऱ्याच्या शेतात राबणारा, स्वतःच्या नावावर बिघाभरही जमीन नसलेला मनुष्य या शब्दांत येतो काय? उत्तर त्याच नोंदीच्या शेवटच्या तीन शब्दांत आहे. ‘हसब रसद रकबा’, म्हणजे क्षेत्राच्या प्रमाणात. ज्याचे क्षेत्र शून्य, त्याचे प्रमाणही शून्य. मधल्या दोन शब्दांनी जे दिल्यासारखे वाटते, ते शेवटच्या तीन शब्दांनी काढून घेतले आहे.

या नोंदीचा इतिहास समजण्यासाठी थोडे मागे जावे लागते. पंजाबातील गावात ‘शामलात देह’ नावाची सामायिक जमीन पूर्वापार असे. गुरांचे चरणे, तळे, खळे, स्मशान, वाटा हे सारे तिच्यात येई. इंग्रजी अमलातील जमाबंदीने ही जमीन गावातील मालकवर्गाच्या सामायिक मालकीची म्हणून लिहून ठेवली. खेवटात ज्याचा जेवढा हिस्सा, तेवढा त्याचा शामलातीत हिस्सा. सुतार, कुंभार, चांभार, चुहडा हे ‘कमीन’. त्यांना शामलातीत गुरे चारता येत, पण ती मालकांच्या मर्जीने. एवढेच नव्हे, तर ज्या जागेवर त्यांची झोपडी उभी असे ती जागादेखील बहुधा मालकवर्गाचीच मानली जाई. त्यात १९०० च्या पंजाब जमीन हस्तांतरण कायद्याने ‘शेतकरी जमाती’ ठरवून दिल्या आणि त्यांच्या बाहेरच्यांना त्यांची जमीन विकत घेण्यास बंदी केली. अस्पृश्य जाती या बाहेरच्यांत मोडत होत्या. पिढ्यान् पिढ्या नांगर धरणारा मनुष्य कायद्याच्या दृष्टीने शेतकरी नव्हता! हा कायदा १९५१ मध्ये संपुष्टात आला. पण तोवर खेवटे लिहून पूर्ण झाली होती.

तुकड्यातुकड्यांत विखुरलेली शेते एकत्र करण्याचा उपक्रम पंजाबात १९२०-२१ च्या सुमारास सहकारी संस्थांच्या मार्फत सुरू झाला. पुढे १९३६ चा कायदा आला, आणि फाळणीनंतर १९४८ चा पूर्व पंजाब धारणजमीन एकत्रीकरण व तुकडेबंदी कायदा. या शेवटच्या कायद्याने काम मोठ्या वेगाने झाले. गावाची सगळी जमीन जणू एका ढिगात ओतावयाची, तिचे मूल्यांकन करावयाचे, आणि प्रत्येकास त्याच्या जमिनीच्या मूल्याइतके सलग क्षेत्र परत द्यावयाचे, अशी ही पद्धती होती. परत देताना मात्र प्रत्येकाच्या क्षेत्रातून थोडाथोडा हिस्सा कापून घेतला जाई. या कपातीतून रस्ते, पाणंदी, शाळा, दवाखाना, उकिरड्यांचे खड्डे, गावठाणाचा विस्तार यांसाठी जमीन मिळे. कायद्याचे कलम १८ या राखीव जमिनीविषयी आहे. पुढे कलम २३-अ घालण्यात आले व त्यान्वये अशा जमिनीचे व्यवस्थापन आणि नियंत्रण ग्रामपंचायतीकडे गेले.

आणि येथेच सगळी गुंतागुंत आहे. १९४९ च्या नियमांपैकी १६ व्या नियमाने असे ठरविले की, गावठाण-विस्ताराचे क्षेत्र वगळता, या राखीव जमिनीची मालकी गावातील मालकवर्गाकडेच राहील, नोंद वर सांगितलेल्या फारसी शब्दांत होईल, आणि पंचायत त्या मालकवर्गाच्या वतीने व्यवस्था पाहील; उत्पन्न मात्र गावाच्या सामायिक गरजांसाठी खर्च होईल. धनी एक, कारभारी दुसरा आणि लाभार्थी तिसरा! पुढील पाऊणशे वर्षांचे बहुतेक वाद या एका वाक्यरचनेतून निघाले आहेत.

विनयपिटकाच्या वाचकास हा प्रश्न अनोळखी नाही. चुल्लवग्गाच्या सेनासनक्खन्धकात दोन प्रसंग येतात. एका खेड्यातील आवासात राहणारे भिक्षू येणाऱ्या-जाणाऱ्या पाहुण्या भिक्षूंची व्यवस्था ठेवता ठेवता कंटाळले आणि त्यांनी संघाचे निवासस्थान एका भिक्षूच्या नावे करून टाकले, म्हणजे ती जबाबदारीच नको. दुसरा प्रसंग कीटागिरीचा. भगवान बुद्ध सारिपुत्त व मोग्गल्लान यांच्यासह येत आहेत हे कळताच तेथील अस्सजि-पुनब्बसुकांच्या टोळीने निवासस्थाने आपापसांत वाटून घेतली, म्हणजे पाहुण्यांना देण्यास संघाचे असे काही उरूच नये. या दोन प्रसंगांवरून दोन नियम झाले. आराम व आरामाची जागा, विहार व विहाराची जागा, मंच-पीठादी सामान, धातूची भांडी व हत्यारे, वेली-बांबू-माती-लाकूड, असे पाच वर्ग ‘अविस्सज्जिय’ म्हणजे देऊन टाकता न येणारे, आणि ‘अवेभङ्गिय’ म्हणजे वाटून घेता न येणारे ठरले. व्यक्तीने नव्हे, गणाने नव्हे, तर खुद्द संघानेही ते द्यावयाचे नाहीत. दिले तरी ते दिले गेले असे होत नाही. देणाऱ्यास थुल्लच्चय आपत्ती मात्र होते.

नियमाची कठोरता लक्षणीय आहे. परंतु त्याहून महत्त्वाचे हे की, ही संपत्ती कोणाची मानली गेली. ती ‘आगतानागत चातुद्दिस संघा’ची. चारी दिशांचा, आलेला आणि अद्याप न आलेला संघ तिचा धनी आहे. विहार बांधताना ज्याने वीट उचलली त्याचा हिस्सा मोठा, आणि जो उद्या सायंकाळी पात्रचीवर घेऊन दारात उभा राहील त्याचा लहान, असा भेद तेथे नाही. ज्येष्ठतेने आसन मिळते, पण हिस्सा कोणाचाच नसतो. ‘आगतानागत’ आणि ‘हसब रसद’ ही सामायिक मालमत्तेची दोन मापे आहेत, आणि ती एकमेकांत बसत नाहीत. संघ हा प्रव्रजितांचा, गाव गृहस्थांचे, हा भेद आम्ही विसरत नाही. पुढच्या काळात सिंहलद्वीपात आणि इतरत्र विहारच मोठे जमीनदार झाले, हेही खरे. तरी माप म्हणून विनयाचा हा नियम डोळ्यांसमोर ठेवल्यास न्यायालयांतील वाद अधिक स्पष्ट दिसतो, असा आमचा अनुभव आहे.

त्या वादाकडे वळू. रणजितसिंग विरुद्ध पंजाब राज्य या प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाच्या घटनापीठाने १९६४ मध्ये निकाल दिला. पंचायतीच्या उत्पन्नासाठी व बिगरमालकांच्या घरांसाठी जमीन राखून ठेवणे हा गावाच्या सर्वांगीण पुनर्रचनेचा, म्हणून शेतजमीन-सुधारणेचाच भाग आहे आणि त्यास घटनेच्या ३१-अ या अनुच्छेदाचे संरक्षण आहे, असे न्यायालय म्हणाले. न्यायमूर्ती हिदायतुल्ला यांनी लिहिलेला हा निकाल आजही वाचण्यासारखा आहे. गाव म्हणजे केवळ मालकांचा समूह नव्हे, ही जाण त्यात आहे.

त्याच वर्षी घटनेची सतरावी दुरुस्ती झाली होती. तिने ३१-अ मध्ये दुसरे परंतुक घातले : कमाल मर्यादेच्या आतील, स्वतः कसत असलेली जमीन राज्याने संपादन केल्यास बाजारभावाने भरपाई दिलीच पाहिजे. डिसेंबर १९६६ मध्ये भगतराम विरुद्ध पंजाब राज्य या प्रकरणात न्यायमूर्ती सिक्री यांच्या बहुमताच्या निकालाने हे परंतुक एकत्रीकरणास लावले. रस्ता, शाळा यांसाठीची कपात वेगळी. परंतु केवळ पंचायतीस उत्पन्न मिळावे म्हणून जमीन राखली, तर लाभ पंचायतीचा होतो, पंचायत ही ‘राज्य’ आहे, म्हणून हे संपादनच झाले, असा तो तर्क. भरपाई नाही, म्हणून घटनाबाह्य. छोट्या शेतकऱ्याच्या दोन-चार किल्ल्यांतून कनाल-दोन कनाल कापून घेणे हे त्याच्यावर अन्यायाचे होऊ शकते, हे आम्हांस मान्य आहे. त्या निकालामागे तेवढे सत्य होते.

पुष्कळ गावांत मात्र कापलेली सगळी जमीन ठरल्या कामी लागली नाही. योजनेत तिचा विशिष्ट उपयोग लिहिलेला नव्हता, ती उरली. तिला ‘बचत’ म्हणू लागले. ही बचत कोणाची? हरियाणाने १९९२ मध्ये ग्रामसामायिक जमीन कायद्यात दुरुस्ती करून उत्तर दिले : कलम १८ खाली राखलेली व कलम २३-अ खाली पंचायतीच्या व्यवस्थापनात गेलेली जमीन ही शामलातच समजावी, मालकीच्या रकान्यात ‘जुमला मालकान’ वगैरे लिहिलेले असले तरी. जमीनमालक न्यायालयात गेले. पंजाब व हरियाणा उच्च न्यायालयाच्या पूर्णपीठाने २००३ मध्ये मालकांच्या बाजूने कौल दिला : योजनेत ज्या जमिनीचा विशिष्ट सामायिक हेतू नमूद नाही ती पंचायतीची होत नाही, मालकांची राहते. एप्रिल २०२२ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने हा निकाल उलटविला. त्याचा आधार घेऊन त्याच वर्षी पंजाबनेही आपला कायदा तशाच रीतीने बदलला. परंतु १६ मे २०२४ रोजी सर्वोच्च न्यायालयाने पुनर्विलोकनात आपला २०२२ चा निकाल मागे घेतला, कारण भगतराम प्रकरणातील घटनापीठाचा निकाल त्यात डावलला गेला होता. आणि १६ सप्टेंबर २०२५ रोजी हरियाणा सरकारचे अपील फेटाळून पूर्णपीठाचा निर्णय कायम केला.

या शेवटच्या पीठाचे प्रमुख तत्कालीन सरन्यायाधीश न्यायमूर्ती भूषण गवई होते. पुनर्विलोकनाच्या पीठावरही तेच होते. ते अमरावतीचे, दादासाहेब गवई यांचे पुत्र, देशाचे पहिले बौद्ध सरन्यायाधीश. त्यामुळे आपल्यापैकी काही मंडळी हा निकाल वाचून चकित झाली, काहींनी नाराजीही बोलून दाखविली. आम्हांस ही नाराजी रास्त वाटत नाही. मोठ्या पीठाचा निर्णय लहान पीठास बांधतो. १९६६ पासून हजारो व्यवहार ज्या निर्णयावर उभे राहिले तो एका लहान पीठाने बाजूस सारणे योग्य नव्हते. न्यायासनावर बसलेल्या माणसाने आपल्या माणसांसाठी निकाल द्यावा, ही अपेक्षा बाळगणारे लोक आपण पुष्कळ पाहिले आहेत. त्यांच्यात आपली भर नको.

आमची तक्रार वेगळी आहे. या साठ वर्षांच्या वादात पक्षकार नेहमी दोनच होते : मालक आणि पंचायत. मालक म्हणतात, जमीन आमच्या शेतांतून कापली. पंचायत, म्हणजे सरकार, म्हणते, ती गावाची आहे. गावातील बिगरमालक या वादाचा विषय झाला, पक्ष झाला नाही. त्याचे शेत कापले गेले नाही हे खरेच. कापावयास त्याच्याकडे शेतच नव्हते. ते का नव्हते, हा प्रश्न १९०० च्या कायद्याकडे आणि त्यामागच्या जातिव्यवस्थेकडे नेतो, व तो कोणत्याही एकत्रीकरण योजनेत विचारला गेला नाही. अग्गञ्ञ सुत्तात साळीच्या शेतांना मर्यादा घातल्या गेल्या, मग चोरी आली, मग महासम्मत निवडला गेला, हा क्रम सर्वांच्या परिचयाचा आहे. त्या कथेतही वाटणीच्या वेळी ज्यास काहीच मिळाले नाही असा मनुष्य दिसत नाही. भारतीय खेड्यात तो होता, आणि त्याची संख्या मोठी होती. २०११ च्या जनगणनेत पंजाबच्या लोकसंख्येत अनुसूचित जाती सुमारे ३२ टक्के आहेत. इतके प्रमाण दुसऱ्या कोणत्याही राज्यात नाही.

बाबासाहेबांची दृष्टी या ठिकाणी किती वेगळी होती हे पाहावे. लहान धारणांच्या प्रश्नावर त्यांनी १९१८ मध्येच निबंध लिहिला. शेते जोडणे आणि शेते मोठी करणे या दोन भिन्न गोष्टी आहेत, आणि शेताचे आकारमान हा मूळ रोग नव्हे, हे त्यांनी तेथे दाखविले. १० ऑक्टोबर १९२७ रोजी मुंबई कायदेमंडळात लहान धारणांसंबंधीच्या विधेयकावर बोलताना, अशा उपायांनी लहान शेतकरी भूमिहीन होईल, त्याऐवजी सहकारी शेतीचा मार्ग धरावा, असे ते म्हणाले. आणि १९४७ च्या ‘स्टेट्स अँड मायनॉरिटीज’ या निवेदनात तर त्यांनी मालकीचा पायाच बदलला : शेती हा राज्याचा उद्योग, जमीन राज्याची, ती गावातील रहिवाशांच्या कुटुंबगटांना सामुदायिक कसण्यासाठी, जात व पंथ न पाहता द्यावयाची, जमीनदार, कूळ आणि भूमिहीन मजूर हे तीनही वर्ग उरू द्यावयाचे नाहीत. येथे हक्काचे माप रहिवास हे आहे, खेवट नव्हे. विहारात जो येऊन राहिला त्यास शयनासन, या विनयाच्या मापाशी ते जवळचे आहे. बाबासाहेबांनी ते विनयातून घेतले असे आमचे म्हणणे नाही. १९४७ च्या त्या निवेदनाची भाषा अर्थशास्त्राची व घटनाशास्त्राची आहे. साम्य तेवढे नोंदवून ठेवतो.

सामायिक उपयोगाची जमीन कोणाच्या शेतातून यावी, यासंबंधी आपल्याच भूमीतील एक जुना दाखला आहे. नाशिकच्या तिरण्हु डोंगरावरील, म्हणजे आजच्या पांडवलेण्यांतील, तिसऱ्या क्रमांकाच्या लेण्यात गौतमीपुत्र सातकर्णीची दोन आज्ञापत्रे कोरलेली आहेत. अठराव्या राज्यवर्षात त्याने कखडी गावातील २०० निवर्तने शेत भिक्षूंना दिले. त्या शेतात राजपुरुषांनी शिरू नये, मिठासाठी खणू नये, असे परिहारही दिले. पुढे ते गाव उजाड झाले, शेत पडीक राहिले. तेव्हा चोविसाव्या वर्षी गौतमीपुत्र व राजमाता यांच्या नावे गोवर्धनाच्या अमात्यास आज्ञा गेली की, नगराच्या सीमेवरील राजाच्या स्वतःच्या शेतातून १०० निवर्तने द्यावीत. क्षेत्र निम्मे झाले, पण ते राजाच्या मालकीतून आले. कोणा कुणब्याच्या शेतास कात्री लागली नाही. शेजारच्या दहाव्या लेण्यात उषवदात सांगतो की, त्याने ४००० कार्षापणे मोजून एका ब्राह्मणाकडून शेत विकत घेतले आणि चातुर्दिश संघास दिले. राजाचा जावईदेखील विकत घेऊन देतो. भगतराम निकालातील भरपाईचा आग्रह त्यामुळे आम्हांस परका वाटत नाही. फरक एवढाच की, त्या दानाचा धनी कोण याविषयी शिलालेखात संदिग्धता नाही.

महाराष्ट्रात एकत्रीकरण १९४७ च्या मुंबई कायद्याने झाले. पण पंजाबसारखा वाद येथे उभा राहिला नाही. रयतवारीत गायरान हे मालकवर्गाचे नव्हे, सरकारचे. १९६६ च्या जमीन महसूल संहितेप्रमाणे जिल्हाधिकारी ते चराईसाठी राखून ठेवतो. म्हणून कर्मवीर दादासाहेब गायकवाडांच्या नेतृत्वाखाली १९५९ मध्ये आणि पुन्हा ६ डिसेंबर १९६४ पासून भूमिहीनांनी जो सत्याग्रह केला, त्यात मागणी सरळ सरकारकडे करता आली. पंजाबातील भूमिहीनास ती सोय नाही. त्यास आधी खेवटाशी भांडावे लागते, मग पंचायतीशी.

तरी तेथे दोन गोष्टी त्यास मिळाल्या. ग्रामसामायिक जमिनींच्या कायद्याने बिगरमालकाच्या घराखालची जागा त्याच्या स्वतःच्या मालकीची केली. मालकाने उठविले तर जावे कोठे, ही धास्ती त्यामुळे कमी झाली. दुसरी गोष्ट, पंचायतीकडील लागवडयोग्य शामलातीपैकी एक तृतीयांश जमीन अनुसूचित जातींच्या लोकांनाच लिलावाने खंडाने द्यावयाची, असा पंजाबचा नियम आहे. आता बचत जमीन मालकांची ठरल्याचा अर्थ उलगडतो : ती पंचायतीची ठरली असती, तर या तृतीयांशाच्या हिशेबात आली असती. निकालपत्रात हा तृतीयांश वादाचा मुद्दा नव्हता. गावात तोच मुद्दा आहे.

वर्षानुवर्षे हा नियम कागदावर होता. लिलावात बोली दलिताच्या नावाने लागे, पैसा मोठ्या शेतकऱ्याचा असे, पीकही त्याच्याच घरी जाई. संगरूर व आसपासच्या भागांत २०१४ पासून ‘जमीन प्राप्ती संघर्ष समिती’ने हा बनाव उघड्यावर आणला. बालद कलां येथे त्याच वर्षी लाठ्या खाल्ल्या गेल्या. झलूर येथे २०१६ मध्ये दलित वस्तीवर हल्ला झाला आणि एका वृद्धेचा त्यात अंत झाला. जेथे जमीन हाती आली, तेथे अनेक गावांत ती वेगवेगळी न वाटता सर्व कुटुंबांनी मिळून खंडाने घेतली व सामुदायिक कसली. वाटणी केली असती तर एकेका घरास मूठभर माती आली असती आणि पुढच्या लिलावात ती पुन्हा गेली असती. गहू-भाताबरोबर तेथे वैरणही पेरतात. दलित वस्तीतील बायांना पूर्वी गवताच्या भाऱ्यासाठी मालकाच्या बांधावर जावे लागे आणि तेथे ऐकू नये ते ऐकून घ्यावे लागे. आता त्या आपल्या हिश्शाचा चारा स्वतः कापून आणतात; हिस्सा घरटी सारखा असतो.